फुकिनोयामाचा गंभीर चेहरा

फुकिनोयामाने चेहरा गंभीर केला की लोक हसत, आणि हसरा केला की जास्त हसत. देवाने चेहराच तसा दिला होता, त्याला तो बिचारा तरी काय करणार. गाल वाफवलेल्या पावासारखे, डोळे त्या पावात चुकून रुतलेले, आणि भुवया कायम अशा चढलेल्या की कुणी नुसतं 'आज ऊन आहे' म्हटलं तरी याला त्यात काहीतरी भानगड दिसली असावी. एकदा तालमीच्या एका जुन्या आश्रयदात्याच्या अंत्यविधीला तो मनापासून दुःखी होऊन पुढच्या रांगेत बसला होता. आधी विधवेला हसू फुटलं, मग मंत्र म्हणणाऱ्या भिक्षूला. तेव्हापासून असल्या ठिकाणी त्याला खांबामागे बसवत.

असा माणूस सुमोत येऊन काय करणार, तर लोकांना हसवणार. दौऱ्यावर गावोगावी खऱ्या कुस्त्यांच्या आधी एक खोटी कुस्ती होते. आखाड्यात जे जे करायला बंदी आहे ते सगळं करून दाखवायचं, एवढाच तिचा विषय. र्योगोकु वस्तीतल्या कुरेहा तालमीतला फुकिनोयामा आणि त्याच तालमीतला, त्याच्याबरोबरच भरती झालेला काडीपैलवान इसोचिदोरी, ही जोडी अकरा वर्षं ती कुस्ती करत होती. दोघं एकमेकांच्या तोंडावर मीठ फेकत. पंचाच्या किमोनोवर पाण्याची चूळ सोडत. इसो त्याच्या पायांमधून पळून जाऊन मागून लाथ घाली. शेवटी आखाड्याच्या कडेला इसो त्याच्या पट्ट्याला लोंबकळे, लोक ओरडायला लागत, आणि त्या ओरडण्याचा सूर एका ठरावीक उंचीला पोचला की फुकिनोयामा तोडलेल्या झाडासारखा मागे कोसळे. कोसळताना एक काम मात्र तो चोख करी. उंच ओट्यावरून खाली जाताना मित्राचं डोकं फुटू नये म्हणून अर्ध्या वाटेत कमरेत वळून तो इसोला आधी कडेपलीकडे अलगद ठेवी, आणि मग आपण आपटे. लोकांना तोही विनोदच वाटे.

या खेळापुरता दोघांना एक मोठा मान मिळे. गिंगको झाडाच्या पंख्यासारख्या पानागत पसरलेली शेंडी एरवी फक्त वरच्या वर्गातल्या पैलवानांनी, म्हणजे सेकितोरींनी बांधायची. ती यांनाही बांधली जाई. त्याचा परिणाम असा झाला की तेल लावून, मेणाने चापून ती शेंडी डोक्यावर बसली की फुकिनोयामाच्या अंगात यायचं. हात आपोआप मिठाकडे जायचा आणि भुवया कपाळ सोडून वर निघायच्या.

हे सगळं मजेत चाललं होतं, पण मजेवर संसार होत नाही. सेकितोरी झाल्याशिवाय पगार नाही, खोली नाही, बायको नाही. खालच्या वर्गातला पैलवान चौतिशीचा झाला तरी तालमीतल्या मोठ्या खोलीत पंधरा जणांच्या घोरण्यात झोपतो आणि सकाळी उठून आपल्यापेक्षा दहा वर्षांनी लहान सेकितोरीची पाठ चोळतो. आणि फुकिनोयामाला तर लग्न करायचं होतं. नुसतं करायचं नव्हतं, आठ वर्षांपासून करायचं होतं.

नोबुए सुमोच्या स्पर्धा होत त्या मोठ्या सभागृहाच्या तळघरात काड्यांना टोचलेली कोंबडी भाजायची. सुमोत हात टेकला की हार, आणि कोंबडी दोन पायांवर उभी असते, जमिनीला हात टेकत नाही, म्हणून स्पर्धेच्या दिवसांत तिच्या मांसाला फार मान, आणि नोबुएला दिवसभर मान वर करायला फुरसत नाही. दौऱ्यावर सेंदाई शहरात तिने पहिल्यांदा त्याची खोटी कुस्ती पाहिली तेव्हा हसून हसून तिला उचकी लागली होती, आणि ती थांबवायला पाणी घेऊन जो माणूस धावला तो हाच. त्याची खरी कुस्ती मात्र तिने कधीच पाहिली नव्हती. वर तो लढत असायचा तेव्हा ती खाली धुरात असायची, आणि छतातून येणाऱ्या आवाजावरून जिंकला की हरला ते ओळखायची.

त्याने तिला अजून विचारलं नव्हतं. विचारू द्यायला तीच तयार नव्हती. "तू विचारलंस तर मला हो म्हणावं लागेल," ती म्हणाली होती, "आणि मी हो म्हटलं की तू तालीम सोडशील. मग जन्मभर माझ्यासमोर बसून, हिच्यापायी राहिलं, असा चेहरा करशील. तुझा तो चेहरा बघून मला हसू येईल, आणि मग भांडणसुद्धा धड होणार नाही." तिचं म्हणणं खरंच होतं.

त्या सप्टेंबरात मात्र चमत्कार झाला. वरचे तिघेचौघे दुखापतींनी खाली घसरले आणि फुकिनोयामा खालच्या वर्गाच्या अगदी टोकाला जाऊन बसला, इतका टोकाला की एक पाय वरच्या वर्गात लोंबावा. स्पर्धेतल्या सातांपैकी चार कुस्त्या जिंकल्या की वर. सहा झाल्या तेव्हा तीन जिंकल्या होत्या, तीन हरल्या होत्या. गुडघा असा झाला होता की जिना उतरताना तो आणि गुडघा वेगवेगळे उतरत. पुढच्या वर्षी हे जमणार नाही हे त्यालाही माहीत होतं, वस्तादांनाही, आणि तळघरात नोबुएलाही.

शेवटच्या दिवसाच्या जोड्या जाहीर झाल्या, आणि त्याचं नाव वरच्या वर्गात निघालं. समोर कुरोइवा. हा सेकितोरींमधला सगळ्यात खालचा. म्हणजे तो हरला की खाली येणार, आणि फुकिनोयामा जिंकला की वर जाणार, असा साधा हिशेब. कुरोइवा जन्मताना कपाळाला आठी घालूनच बाहेर आला असं लोक म्हणत. त्याला हसताना त्याच्या आईनेही पाहिलं नव्हतं.

वरच्या वर्गातली कुस्ती म्हणजे गिंगकोची शेंडी आली, आखाडा शुद्ध करायची मिठाची मूठ आली. कुरेहा वस्तादांच्या हे ध्यानात आलं तेव्हा त्यांच्या हातातला चहा निवला. त्यांनी फुकिनोयामाला समोर बसवलं आणि सांगितलं की उद्या आखाड्यात एक जरी माणूस हसला, तर हरण्याआधीच तू हरलास असं मी समजेन. मग त्यांनी अख्खी तालीम त्याच्यासमोर ओळीने बसवली. फुकिनोयामाने गंभीर चेहरा करायचा, सगळ्यांनी त्याच्याकडे बघायचं, आणि जो हसेल त्याने महिनाभर संडास धुवायचे.

पहिला धपकन गेला. दुसऱ्याने ओठ चावून धरले, पण नाकातून शिट्टी वाजली. तिसऱ्याला दुसऱ्याची शिट्टी सहन झाली नाही. थोड्याच वेळात कुरेहा तालमीच्या संडासाला महिनाभर पुरून उरतील इतके सफाईवाले... नव्हे, पैलवान तयार झाले. वस्तादांच्या पत्नी काय गोंधळ चाललाय म्हणून डोकावल्या आणि पदराने नव्हे, हातातल्या मुळ्याने तोंड झाकून परत गेल्या. शेवटी वस्ताद स्वतः समोर बसले. त्यांनी बघितलं, बघतच राहिले, मग एकाएकी उठून आतल्या खोलीत गेले, आणि तिथून बराच वेळ खोकल्यासारखा आवाज येत राहिला.

बाहेर आले तेव्हा त्यांचे डोळे लाल होते. "तू उद्या काहीच करू नकोस," ते म्हणाले. "तू काही करायला गेलास की हे असं होतं."

"वस्ताद, मी आत्ताही काही करत नव्हतो."

"तेच तर," वस्ताद म्हणाले आणि पुन्हा आत गेले.

इसोचिदोरी एकटाच त्या दिवशी हसला नव्हता. अकरा वर्षं त्या चेहऱ्याला चिकटून राहिल्यावर माणूस सरावतो. संध्याकाळी तो फुकिनोयामाच्या गुडघ्याला पट्टी बांधत बसला होता, आणि नेहमीपेक्षा जास्तच आवळत होता. सेकितोरी खोटी कुस्ती करत नाहीत. तो वर गेला की यांची जोडी फुटली. हे दोघांनाही ठाऊक होतं, म्हणून दोघं पट्टीबद्दल बोलत होते.

"तू वर गेलास की मी कुणाला पाडायचं रे?" इसोने शेवटी विचारलं.

"मिळेल कुणीतरी."

"एवढं मोठं कुणी नाहीये." इसोने गाठ मारली. "पण उद्या हरलास ना, तर मी तुझं तोंड बघणार नाही. आधीच सांगून ठेवतो."

दुसऱ्या दिवशी दुपारी शेंडी बांधणाऱ्या तोकोमासु-सानांनी कंगवा चालवायला सुरुवात केली, आणि तेलाचा वास नाकात शिरताच फुकिनोयामाच्या भुवया हलायला लागल्या. त्याने शेंडी जरा सैल बांधा म्हणून विनवलं. तोकोमासु-सान म्हणाले की सैल बांधली तर पहिल्या धडकेला सुटेल आणि मग लोक कशाला हसतील ते तूच बघ. फुकिनोयामाने दोन्ही भुवया बोटांनी खाली दाबून धरल्या आणि तसाच बसून राहिला. शेजारी बसलेले दोन सेकितोरी उठून दुसऱ्या कोपऱ्यात गेले. त्यांना त्यांच्या कुस्त्या होत्या.

पुकाऱ्याने पंखा उघडून त्याचं नाव लांबवलं, आणि सभागृहात आनंदाची एक लाट उठली. हे त्याचं नशीब. कुरोइवाच्या कमरेला जांभळा रेशमी पट्टा, याच्या कमरेला खालच्या वर्गातला काळा सुती, आणि त्यावर ती राजेशाही शेंडी. दौऱ्यावर अगदी हेच सोंग बघितलेली माणसं हॉलभर होती. त्यांनी डबे बाजूला ठेवले आणि सरसावून बसली. कुणीतरी मागून ओरडलं की अरे, तुझा छोटा कुठेय. छोटा, म्हणजे इसो, आत येणाऱ्या वाटेच्या तोंडाशी टॉवेल घेऊन उभा होता, आणि त्याला भोवळ यायची बाकी होती.

कुस्तीआधी चूळ भरायचं पाणी आलं. अकरा वर्षं या पाण्याची एकच जागा होती, पंचाचा किमोनो. फुकिनोयामाने घोट घेतला, गाल फुगले, पंचाने नकळत एक पाऊल मागे घेतलं. थुंकायची भीती वाटून फुकिनोयामाने तो घोट गिळूनच टाकला, आणि त्याला ठसका लागला. लोक हसले. मग मीठ. हाताने भलीमोठी मूठ भरलीसुद्धा, आणि समोर कुरोइवाचं तोंड अगदी हवं तितक्या अंतरावर होतं. त्याने हाताला मनातल्या मनात शिव्या घातल्या, मूठ सैल केली, सगळं मीठ परत टोपलीत गेलं आणि बोटाला चिकटलेले चार दाणे त्याने आमटीत टाकावेत तसे आखाड्यात टाकले. आता लोक मांड्या थोपटायला लागले. परीक्षकांत त्याचे वस्तादही काळ्या किमोनोत बसले होते. ते छताकडे बघत होते.

दोघं ओणवे झाले, नजरेला नजर लागली. आणि फुकिनोयामाला दिसलं, की कुरोइवाचं पोट थरथरतंय.

आधी त्याला वाटलं संतापाने. मग लक्षात आलं की हा माणूस हसू दाबतोय. आयुष्यभराचं न हसलेलं हसू पोटात साठून आता वर यायला बघत होतं. नाकपुड्या फुलल्या होत्या, आठी सुटत चालली होती. आता नुसती डावी भुवई एक बोटभर वर केली की पुरे. हा मनुष्य इथल्या इथे फुटणार आणि एका धक्क्यात बाहेर जाणार. कुणाला काही कळणार नाही. भुवई उचलायला सुमोत बंदी नाही.

फुकिनोयामाला मोह झाला, खोटं कशाला सांगा. आठ वर्षं त्या एका बोटभर अंतरावर उभी होती. पण तो सगळ्यांना हसवून पाडत आला होता, पाडून घेत आला होता, आणि आज एकदाच त्याला कुणालातरी नुसतं पाडायचं होतं. त्याने कुरोइवाच्या डोळ्यांवरून नजर काढली आणि त्याच्या उजव्या कानाकडे लावली. तो कान अतिशय सामान्य होता. त्यात हसण्यासारखं काहीच नव्हतं.

धडक बसली आणि कुरोइवाचं हसू छातीतच चेपलं गेलं. मग जे झालं ती कुस्ती होती, चांगली, जड, धापा टाकायला लावणारी कुस्ती. फुकिनोयामाने पट्टा धरला, कुरोइवाने सोडवला. फुकिनोयामाने ढकललं, कुरोइवा हलला नाही. कुरोइवाने ढकललं आणि फुकिनोयामाचा गुडघा म्हणाला की बास झालं. तो मागे जायला लागला. टाच आखाड्याच्या पेंढ्याच्या कडेला लागली. कुरोइवाने दोन्ही हातांनी पट्टा आवळून सगळं वजन टाकलं, आणि हजारो माणसं एकदम ओरडायला लागली. कोण हसत होतं, कोण घाबरलं होतं, कळायला मार्ग नव्हता. सूर चढत गेला, चढत गेला, आणि त्या ठरावीक उंचीला पोचला.

आणि फुकिनोयामाचं अंग इमानदारीत कोसळायला लागलं.

अर्ध्या वाटेत त्याच्या ध्यानात आलं की आज पडायचं नाहीये. पण तोवर उशीर झाला होता. तोडलेलं झाड काय परत उभं राहतं. अंगाला तर एवढंच माहीत होतं, की आपण पडतोय आणि आपल्या पट्ट्याला कुणीतरी लोंबकळलंय. त्या कुणालातरी लागता कामा नये. कंबर वळली, हातांनी पट्टा उचलला, आणि अकरा वर्षं ज्या मायेने इसोला ठेवलं त्याच मायेने फुकिनोयामाने कुरोइवाचा तो डोंगर कडेपलीकडे ठेवला. मग आपण त्याच्याशेजारी पहिल्या रांगेतल्या एका आजोबांच्या गादीवर आपटला. आजोबा वेळेत सरकले होते.

पंचाचा निकाल दाखवणारा पंखा फुकिनोयामाच्या बाजूला गेला, पण परीक्षकाचा एक हात वर आला. पाचही काळे किमोनो आखाड्यावर चढले आणि डोकी एकत्र करून कुजबुजायला लागले. फुकिनोयामा खाली उभा राहिला. इकडे हजारो माणसांना आता कुठला विनोद होतो याची उत्सुकता होती, आणि त्याची नजर त्या पाच डोक्यांवरून हलत नव्हती. मुख्य परीक्षकांनी माइक हातात घेतला. कुणाचं अंग आधी बाहेर टेकलं याची शंका आली होती, ते म्हणाले, आणि कुरोइवाचंच आधी टेकलं यावर आमचं एकमत झालं.

जिंकलेल्याने आखाड्यात आनंद दाखवायचा नसतो. हरलेल्याचा मान राखायचा, उकिडवं बसायचं, पंचाने नाव पुकारलं की मान झुकवायची आणि निघायचं. फुकिनोयामा उकिडवा बसला. आठ वर्षं पोटात धरून ठेवलेलं सगळं आता चेहऱ्यावर यायला लागलं होतं. त्याने ओठ मिटले, तर गाल फुगले. गाल आवरले, तर भुवया चढल्या. भुवया खाली ओढल्या, आणि मग डोळ्यांतून पाणी आलं, ते त्या पावाएवढ्या गालांवरून ओघळून टपटप मांड्यांवर पडायला लागलं. आजपर्यंत इतकं गंभीर त्याला कधीच वाटलं नव्हतं.

सभागृह कोसळलं. बायका एकमेकींना धरून हसत होत्या, पंचाचा पंखा हलत होता. हे याचं आजवरचं सर्वांत मोठं सोंग, यावर सगळ्यांचं एकमत होतं. खाली कुरोइवा परतीच्या वाटेवर पाठ करून चालला होता, आणि त्याचेही खांदे गदगदत होते. तो हसतोय की रडतोय, हे फुकिनोयामाला कळलं नाही, आणि त्याने विचारायचं नाही असं ठरवलं.

तो आखाड्यातून उतरला. वाटेत लोक त्याच्या पाठीवर थापा मारत होते, काय रडलास रे, म्हणत होते. इसोने टॉवेल त्याच्या तोंडावर दाबला आणि स्वतःचंही नाक त्याच्याच एका टोकाला पुसलं. आणि इसोच्या मागे, कामावरच्या बायकांनी जिथे यायचं नसतं त्या कोपऱ्यात, धुराचा वास मारणारा एप्रन घालून नोबुए उभी होती. अख्ख्या सभागृहात ती एकटी हसत नव्हती.

"बघितलंस?" त्याने विचारलं.

"नाही. वर येईपर्यंत धीर होता, मग डोळे मिटून घेतले." तिने मनगटाने डोळे पुसले, तर काजळी गालभर पसरली. "तुला रडत बसलेलं बघितलं फक्त."

"सगळ्यांना वाटलं मी—"

"त्यांना काय कळतंय."

मागे हसणं अजून थांबलं नव्हतं. पुढचं नाव पुकारायला पुकाऱ्याला वाट बघावी लागत होती. त्या सगळ्या गदारोळात, अर्धा ओला, अर्धा वाळूने माखलेला, शेंडी एका कानावर आलेली, फुकिनोयामाने तिला आठ वर्षांचा तो प्रश्न विचारला. नोबुएने त्याच्या चेहऱ्याकडे नीट, पूर्ण, अजिबात न हसता बघितलं. मग तिला एकदम आठवलं की खाली निखाऱ्यांवर काड्यांची अख्खी रांग आहे, आणि ती धावत सुटली. जिन्याच्या वळणावर थांबून तिने वर बघून "हो" म्हटलं, आणि तिला उचकी लागली.